मोरोक्कोचा सासरा पेणच्या खाडीत

॥ श्री गजानन प्रसन्न ॥

पेण,
ऑगस्ट १९९६

चि. माधव यास,

वत्सलाअक्काचे आशीर्वाद. प्रमिलेलाही सांगावेत. तिचं पित्त आटोक्यात असेल अशी आशा करते. नसेल तर सकाळचा उपाशीपोटी चहा बंद करावा, हे मी तिला तुमच्या लग्नाच्या वर्षीच सांगितलं होतं, आणि तेव्हा ऐकलं असतं तर आज हे वाक्य लिहावं लागलं नसतं. तुझा गुडघा कसा आहे? पाटावर मांडी घालून तासभर बसता येईल इतपत वाकतो का? (सहज विचारते आहे.) कुंडलिकेला पाणी किती आलं, कोर्टात निकाल तुझ्या बाजूने लागतात की अजून न्यायाधीशांचीच चूक असते, तेही कळव. माझी प्रकृती उत्तम आहे. ती तशी नसायला मी तिला कधी वेळच दिलेला नाही.

पत्रास कारण काही नाही. आणि हे आमंत्रणही नव्हे, हे सुरुवातीलाच स्वच्छ सांगून टाकते, म्हणजे तू पान उलटून शेवट आधी वाचायला जाणार नाहीस. (गेलासच. परत ये.) सहा वर्षांपूर्वी आपल्या घरी गणपतीची आरती चालू असताना तू तीनदा घड्याळात पाहिलंस, रोह्याची गाडी चुकेल म्हणून विसर्जनाच्या आधीच ताम्हण शेजारच्या परांजप्यांच्या हातात दिलंस, त्यावर मी जे बोलायचं ते बोलले, आणि तू फाटकातून वळून म्हणालास, "अक्का, आता तू बोलावलंस तरच येईन." माझं म्हणणं तेव्हा होतं तेच आज आहे. घरच्या माणसाला आमंत्रण द्यायचं नसतं. आमंत्रण परक्यांना देतात. तू वकील असून तुला हा साधा मुद्दा कळू नये याचं मला आश्चर्य वाटतं. तेव्हापासून आपल्या गणपतीपुढे पाटावर परांजपे बसतात आणि फार मन लावून चुकीची आरती म्हणतात. चालायचंच. मी कुठे तक्रार केली?

तर सांगायची होती ती अल्लालशेठची हकीकत. रोह्यापर्यंत काहीतरी भलतंच पोचलं असणार, कारण इथली गोष्ट वडखळला वळते, गडबला फुगते आणि नागोठण्याला फुटते. मी पेणच्या खाडीत एका परदेशी माणसाचं विसर्जन केलं असं कोणी तुला सांगितलं असेल, तर त्यात तथ्य आहे, पण ते तसं नाही.

मार्च महिन्यात पोपटराव नावाचे एक गृहस्थ मुंबईहून दारात येऊन उभे राहिले. मोरोक्को देशाची एक सिनेमा कंपनी आपल्या मिठागरांवर चित्रण करायला आली होती आणि पोपटराव तिची इथली सगळी व्यवस्था बघत होते. त्या लोकांना अरबी आणि फ्रेंच येत होतं, पोपटरावांना मराठी, गुजराती आणि घाई येत होती. पेणमध्ये फ्रेंच जाणणारं कोण, असं त्यांनी एसटी स्टँडवर विचारलं, तर स्टँडने एकमुखाने माझं नाव सांगितलं. मी बी.ए.ला फ्रेंच घेतलं होतं हे गावाला माहीत आहे. चाळीस वर्षांत त्या फ्रेंचची परीक्षा घेणारं कोणी पेणला फिरकलं नाही, त्यामुळे ते अत्युत्तम आहे अशी ख्याती पसरलेली. मी पोपटरावांना स्पष्ट सांगितलं की मला सिनेमा आवडत नाही. ते म्हणाले, "बाई, बघायला कुठे सांगतोय? नुसतं बोलायचंय." हा माणूस कामाचा आहे हे मी तेव्हाच ओळखलं.

दुसऱ्या दिवशी त्यांनी मुख्य नटाला घेऊन यायचं ठरलं. मी रात्रभर (म्हणजे साडेनऊपर्यंत) फ्रेंच क्रियापदं घोकली. सकाळी दार वाजलं. उघडते तो समोर सत्तरीचा, उंच, जरासा वाकलेला गृहस्थ, डोक्यावर विणलेली पांढरी टोपी, आणि डावी भुवई उजवीपेक्षा अशी वर चढलेली की जणू जगाने आताच काहीतरी चुकीचं उत्तर दिलं आहे. त्याने दोन्ही हात पसरले आणि खणखणीत हिंदीत म्हणाला, "माँ! मैं आ गया!" माधव, तो माझ्यापेक्षा आठ वर्षांनी मोठा आहे. मागाहून कळलं ते असं, की त्यांच्याकडे आपले हिंदी सिनेमे लोक जीव टाकून बघतात. त्याची हिंदी तिकडच्या थिएटरात तयार झालेली, आणि त्यात वाक्यं एकूण तीन. दुसरं होतं "यह शादी नहीं हो सकती." ते त्याने पोपटरावांना चहाऐवजी कॉफी आणली म्हणून ऐकवलं. तिसरं मी लिहिणार नाही.

अल्लाल झेरूआली हे त्याचं नाव. गावाने पहिल्याच दिवशी त्याचं अल्लालशेठ केलं. नट म्हटल्यावर माझ्या कपाळाला ज्या आठ्या पडतात त्या पडल्याच, पण हा माणूस नायक नव्हे. उभ्या आयुष्यात नायकाच्या बाजूला उभा राहिलेला. फेझ नावाच्या गावात तो नाटकांच्या पडद्यामागे सुतारकाम करायचा. एकदा नाटकातल्या काझीची दाढ सुजली आणि सुतार अंगाने भारदस्त दिसतो म्हणून त्याला दाढी लावून गादीवर बसवला. तेव्हापासून बसला तो बसलाच. काझी, सासरा, गावचा मुखिया, खेचरांचा दलाल, मुलीचं लग्न मोडणारा काका, मुलीचं लग्न जमवणारा काका. शिवाय त्यांच्या वाळवंटात परदेशी कंपन्या मोठमोठे सिनेमे काढायला येतात. त्यांना पडद्यावर मारायला स्थानिक माणूस लागतो, तेही काम अल्लालशेठकडे. भाल्याने मेला, गोळीने मेला, उंटावरून पडून मेला, विंचू चावून मेला. एका चित्रपटात तर दोनदा, एकदा दाढी लावून आणि एकदा काढून. एवढं करून त्याचं नाव तिकडे फारसं कुणाला आठवत नाही. पण चेहरा आठवतो. बाजारातून चालला की बायका त्याला थांबवतात आणि आपल्या पोराला पुढे ढकलून म्हणतात, याला जरा रागवा. सगळ्या देशाचा सासरा तो. तो भुवई चढवतो, पोरगं सरळ होतं. हे ऐकल्यावर मात्र माझ्या मनात त्याच्याविषयी आदर उत्पन्न झाला. तीस वर्षं मुख्याध्यापिका असून मला इतक्या अंतरावरून ते साधलेलं नाही.

एकदा मी त्याला विचारलं (वाक्य आदल्या दिवशी तयार करून ठेवलं होतं), की दुय्यम भूमिकेत शिकण्यासारखं असतं तरी काय? तो म्हणाला, नायक रडत असताना आपण कुठे बघायचं, एवढंच. आपण नायकाकडे बघत राहिलो तर लोक म्हणतात, हा म्हातारा काय छान बघतोय, आणि आपल्याकडे बघत बसतात. आपण जमिनीकडे बघितलं की लोक नायकाकडे बघतात. चाळीस वर्षं मी जमिनीकडे बघतो आहे, म्हणाला, मोरोक्कोतली सगळी जमीन मला पाठ आहे.

आता त्या चित्रपटाची गोष्ट. गोष्ट अगदीच बावळट आहे. दोन भाऊ असतात, मिठाचा व्यापार करणारे. धाकटा काहीतरी फुसक्या कारणावरून रुसून गलबतात बसतो आणि हिंदुस्थानात मिठागरावर येऊन राहतो. थोरला वर्षानुवर्षं त्याला बोलावत नाही, कारण घरच्याला काय बोलवायचं? म्हातारपणी मग स्वतःच शोधायला निघतो, आणि धाकट्याच्या घरापासून हाकेच्या अंतरावर खाडीत बुडून मरतो. संपलं. या गोष्टीत तुला काही दिसलं तर तो तुझा दोष. ती मी लिहिलेली नाही, त्या तिशीतल्या दाढीवाल्या दिग्दर्शकाने लिहिली आहे, आणि त्याचा रोह्याशी काही संबंध नाही. अल्लालशेठला यात पहिल्यांदाच थोरल्या भावाचं, म्हणजे मुख्य काम मिळालं होतं. मुख्य काम मिळालं तरी मरण काही चुकलं नाही, असं तो हसत म्हणाला. पण हसताना जमिनीकडे बघत म्हणाला.

पंचाईत अशी झाली की प्रेत तरंगतं तो प्रसंग अल्लालशेठने करायचा नव्हता. त्याला पोहता येत नाही आणि डॉक्टरांनी पाण्यात उतरू नको म्हणून बजावलेलं. तेव्हा त्याचा पुतळा करून खाडीत सोडायचं ठरलं. पोपटराव म्हणाले, ज्या गावात घरोघरी चेहरे घडवतात तिथे एक सासरा जमणार नाही? आणि ते तडक गोविंदाच्या कारखान्यात गेले. (गोविंदा म्हणजे आपला मूर्तिकार. आपली मूर्ती त्याच्याचकडची. तू विसरला असशील.) गोविंदाने सगळं ऐकून घेतलं आणि हात जोडले. म्हणाला, चार पिढ्या या शेडमध्ये बसलेला देव घडला, उभा देव घडला, नाचणारा घडला. आडवा आणि मेलेला माणूस या देवांच्या मध्ये करायचा नाही. मी मध्यस्थी केली. शेवटी तडजोड झाली की मेलेला नको, झोपलेला करू.

मग आठवडाभर अल्लालशेठ रोज त्या शेडमध्ये स्टुलावर बसायचा आणि गोविंदा त्याचं तोंड मातीत उतरवायचा. चहूबाजूंना शेकडो पांढऱ्या मूर्ती, रंगाची वाट बघत असलेल्या, आणि मधोमध हा मोरोक्कोचा सासरा, पुदिन्याचा चहा पीत. एके दिवशी कंटाळून त्याने बसल्या बसल्या आपल्या जुन्या भूमिका करून दाखवायला सुरुवात केली. एक शब्द न बोलता. नुसती मान पुढे काढली, दोन बोटांनी कागद चिमटीत धरल्यासारखा केला आणि समोरच्याकडे न बघता हात पुढे केला. मूर्ती घासायला बसलेली पुतळी (हे तिचं नाव) एकदम ओरडली, "तलाठी! बाई, ह्यो तलाठी हाय!" मी विचारून खात्री केली. फेझचा जमीन महसूल कारकून. मग तो मागे रेलला, छताकडे बघितलं, पोटावर हात ठेवले. "बँकेचा मॅनेजर," सखा म्हणाला, "उद्या या म्हनतोय." (सखा म्हणजे डोळे आखणारा. तो फक्त डोळेच आखतो.) मग जिभेने दात चाचपले, तर तिघांनी एकदम सांगितलं, "लग्नात जेवून उठलेला नवऱ्या मुलाचा मामा!" हसून हसून पुतळीच्या हातातला पॉलिश कागद पडला. माझंही तोंड जरा सैल झालं असं गोविंदा सांगतो, पण त्याला उजेड कमी होता. शेवटी अल्लालशेठ स्टुलाच्या अगदी कडेवर सरकून बसला. गुडघे जुळवलेले, चेहऱ्यावर गरजेपेक्षा थोडं जास्त हसू. पुतळीने पडलेला कागद उचलून घेतला. मग गोविंदा म्हणाला, "मुलीचा बाप." आणि मातीचा हात पुसून त्याने स्वतः त्याला चहा ओतून दिला.

इथवर ठीक होतं. घोळ पुढे झाला, आणि तो पेणशिवाय दुसऱ्या कुठल्याही गावात झाला नसता. पोपटरावांनी गोविंदाला उंची सांगितली, कपडे सांगितले, खाडीत सोडायचा आहे हे सांगितलं. फक्त तो तरंगायला हवा हे सांगितलं नाही. कोण सांगेल? जिवंत माणसाच्या डोक्यात प्रेत म्हटल्यावर तरंगणंच येतं. पण गोविंदाच्या घराण्यात पाण्यात सोडायची वस्तू वर तरंगली तर कारागिराला तोंड दाखवायला जागा राहत नाही. परदेशी पाहुण्यांचं काम, गावाच्या नावाचा प्रश्न, म्हणून त्याने पोकळ प्लॅस्टरला हात लावला नाही. शुद्ध शाडूची माती, भरीव, पाण्याला लागताच शांतपणे खाली जाऊन विरघळेल अशी. जीव ओतून केली. तयार झाल्यावर तो मला अभिमानाने म्हणाला, "बाई, असा जाईल, कुणाला कळणारपन नाय." मी शाबासकी दिली. मला वाटलं तो चेहऱ्याबद्दल बोलतोय.

त्यातून झोपलेल्याचे डोळे मिटलेले हवेत. पण आखणीच्या दिवशी सखा आला, नेहमीसारखा ब्रश ओला केला, समोर जे तोंड होतं त्याला आखायला बसला आणि सवयीने टक्क उघडे डोळे काढून मोकळा झाला. तेही कुठूनही बघितलं तरी आपल्याकडेच बघणारे. दिग्दर्शकाला दाखवायला वेळ नव्हता, कारण भरतीची वेळ गाठायची होती. पुतळा टेम्पोत चढवला. डोळे आखलेल्या मूर्तीचं तोंड झाकूनच न्यायचं असतं म्हणून पुतळीने त्यावर स्वच्छ पंचा टाकला, आणि डोळे उघडे असलेल्याला आडवा कसा न्यायचा म्हणून त्याला पोत्यांना टेकवून तिरपा उठवला, बसल्यासारखा दिसेल असा. वाटेत कुणीतरी जास्वंदीचं फूल ठेवलं. मी टेम्पोत पुढे बसले होते, मला काही दिसलं नाही.

खाडीवर मिठागराच्या बायका रडायला बोलावल्या होत्या. त्यांची पुढारी धोंडुबाई. ती सरळ माझ्याकडे आली. "बाई, कोन मेला म्हनायचा? नाव तरी सांगा. नाव नसला तं रडू कसा येल?" मी म्हटलं, अल्लालशेठ. तिने बांधाकडे बोट केलं. "तो त थितं बसून चाय पितंय! जित्या मानसाला रडायचा नस्तंय, बाई, त्याचा आयुष कमी होतंय." मी तिला अभिनय म्हणजे काय ते समजावून सांगितलं. तिने ऐकलं आणि बायकांना म्हणाली, "गो, थोडाथोडा रडा. अर्धा रडा." तेव्हा त्या अर्ध्या रडल्या.

दिग्दर्शकाने खूण केली. कॅमेरा चालू झाला. चौघांनी पुतळा कमरेएवढ्या पाण्यात नेला आणि पंचा काढला. धोंडुबाईने त्या डोळ्यांकडे बघितलं, त्या डोळ्यांनी धोंडुबाईकडे बघितलं. "अगो बाय, याचं डोलं उघडं हायती!" आणि त्याच क्षणी त्यांनी पुतळा हळूच पाण्यात सोडला. माधव, तो असा सुरेख बुडाला म्हणून सांगू! सरळ, बसल्यासारखा, कुठे घाई नाही. छाती गेली, हनुवटी गेली, शेवटी ती चढलेली भुवई गेली. आता डोळे उघडे असलेली मातीची मूर्ती संथपणे पाण्याखाली जाताना दिसली तर पेणच्या माणसाच्या तोंडून काय बाहेर पडेल? प्रथम कोण ओरडलं ते अजून ठरलेलं नाही. (गावात एक मत असं आहे की मी. ते निराधार आहे.) पण पुढच्या क्षणाला सगळी खाडी गर्जली, "गणपती बाप्पा मोरया!" बांधावरचे बघे, पाण्यातले चौघे, अर्ध्या रडणाऱ्या बायका, पोपटराव, सगळे. कुणीतरी टेम्पोचा पत्रा ताशासारखा बडवायला घेतला. धोंडुबाईने कमरेच्या पिशवीतून खोबरं काढून वाटलं. ते तिच्याकडे आधीपासून कसं होतं हे मला विचारू नकोस. दिग्दर्शक फ्रेंचमध्ये थांबा थांबा म्हणून ओरडत होता, त्याला लोकांनी खोबरं दिलं. आणि मग धोंडुबाईने हात जोडून, डोळे पुसत, यावेळी पूर्ण रडत, खाडीला सांगितलं, "पुढच्या वर्षी लवकर या!" सगळ्यांनी तिच्यामागून सांगितलं. पाण्यावर टोपी तेवढी तरंगत होती.

दिग्दर्शक मिठाच्या राशीवर डोकं धरून बसला. अल्लालशेठ मात्र उठून पाण्याच्या कडेला गेला आणि त्याने मला विचारलं, हे माझ्या नावाने काय ओरडताहेत? मी सांगितलं. माझ्या फ्रेंचमध्ये बाकी काही गळलं असेल, आज्ञार्थ शाबूत आहेत. पुढल्या वर्षी या. लवकर या. तो म्हणाला, असं कुणाला सांगतात? मी म्हटलं, देवाला. न बोलावता येत नाही का, त्याने विचारलं. मी म्हटलं, येतो, दर वर्षी येतो, घरचाच आहे, एकही वर्ष चुकलेला नाही. मग सांगता कशाला, म्हणाला. मला यावर फ्रेंचमध्ये उत्तर सुचेना. घरी येऊन मराठीत विचार केला, तर तेही नव्हतं.

तिथे खाडीवर त्याने त्या तरंगत्या टोपीकडे बोट केलं. मग म्हणाला, बाई, मी चाळीस वर्षं मरतो आहे. माझ्यावर लोकांनी चादर घातली, माती घातली, माझ्या मरणाला टाळ्याही वाजवल्या. मेल्यावर परत ये, लवकर ये, असं मला आजवर कुणी म्हटलं नव्हतं.

शाडूची दुसरी मूर्ती करायला वेळ नव्हता आणि गोविंदा पुन्हा तशीच करणार याबद्दल शंका नव्हती. दिग्दर्शकाने दोन दिवस कुणाशी बोलणं टाकलं. तिसऱ्या दिवशी म्हणाला, म्हातारा मरत नाही. पोचतो. भावाचं दार वाजवतो, दार उघडतं, संपलं. अल्लालशेठला हे सांगितलं तर तो घाबरला. म्हणाला, न मरता चित्रपट कसा संपवायचा असतो, मला माहीत नाही.

दार कुणाचं? आपलं. पोपटरावांनी आधी ठरवून मग मला विचारलं. धाकट्या भावाचं काम करणारा नट मुंबईहून एसटीने यायचा होता. तो गाडीत झोपला तो थेट कोलाडला जागा झाला, आणि तिथून पोपटरावांना फोन करून म्हणाला की इथे जेवण चांगलं आहे. त्याला परत आणेपर्यंत ऊन गेलं असतं. दिग्दर्शकाने माझ्याकडे बघितलं. मी म्हटलं, मला सिनेमा आवडत नाही. पोपटराव म्हणाले, "बाई, बघायला कुठे सांगतोय?"

तेव्हा धाकट्या भावाची बहीण झाली, आणि तुझी अक्का दाराच्या आत कडीवर हात ठेवून उभी राहिली. (पातळ रोजचंच होतं. केस मात्र सारखे करून घेतले.) काय बोलायचं म्हणून विचारलं तर दिग्दर्शक म्हणाला, इतक्या वर्षांनी भाऊ घरी आला तर तुम्ही जे म्हणाल तेच म्हणा. दार वाजलं. मी उघडलं. समोर अल्लालशेठ, हातात बोचकं, अंगावर धूळ, आणि ती भुवई पहिल्यांदाच खाली उतरलेली. मी म्हटलं, "चपला बाहेर काढ. पाय धुऊन ये. पानं घेतली आहेत."

घरच्या माणसाला याहून वेगळं काय म्हणायचं असतं?

त्याला मराठीचा एक शब्द येत नाही. त्याने खाली वाकून चपला काढल्या, आणि मग त्याला सरळच होता येईना. शेडमधली मंडळीही बघायला आली होती. मला नंतर लक्षात आलं ते हे, की आयुष्यात पहिल्यांदा चित्रपटाचा शेवट त्याचा होता, कॅमेरा त्याच्यावर होता, आणि हा गृहस्थ जमिनीकडे बघत होता. म्हणजे लोकांनी माझ्याकडे बघावं म्हणून. मी त्याला नंतर चांगलंच दटावलं. त्यावर तो हिंदीत म्हणाला, "यह शादी नहीं हो सकती." त्याला काय म्हणायचं होतं ते मला कळलं.

असो. चित्रपट तिकडे लागला की नाही ते माहीत नाही. मी बघणार नाही. पत्र लांबलं, कारण लिहिण्यासारखं काही नव्हतं. प्रमिलेला पित्ताचं सांग. प्रकृतीस जप.

तुझी,
वत्सलाअक्का

ता. क. : अल्लालशेठचं पत्र आलं आहे. दोनशे माणसांनी 'लवकर या' म्हणून सांगितलं ते त्याने शब्दशः घेतलं, आणि तो बायकोला घेऊन गणपतीच्या पंधरा दिवस आधी येतो आहे. माडीवरची तुझी खोली त्यांना द्यावी लागेल. तेव्हा तुझी गादी माजघरात घातली आहे.

ता. क. दुसरा : आपली मूर्ती पाहून आले. आठवडाभर तेच तोंड समोर ठेवून बसल्याने गोविंदाच्या हाताला वळण लागलं आहे, आणि यंदा त्याच्या कारखान्यातल्या प्रत्येक गणपतीची डावी भुवई किंचित वर आहे. मुंबई, पुणे, नाशिक, सगळीकडे तसेच जातील. आपला तर अगदी, आताच कुणीतरी घड्याळात बघितलं आणि त्याला ते दिसलं, असा बसला आहे. मला फार आवडला.

ता. क. तिसरा : परांजपे यंदा मुलीकडे इंदूरला चालले आहेत. पाट रिकामा आहे. माझा मुद्दा मी सोडलेला नाही, घरच्याला आमंत्रण द्यायचं नसतंच. पण अल्लालशेठला खाडीवर जे उत्तर देता आलं नाही ते मला काल सापडलं. गजानन घरचाच, न चुकता येणारा, तरी त्याला दर वर्षी तोंडाने सांगतात. त्याला सांगितल्याने तो कधी परका झाला नाही. तेव्हा हे आमंत्रण नव्हे. तेच जे त्याला सांगतात, ते.

ता. क. शेवटचा : सोवळं धुऊन वाळत घातलं आहे. कुणाचं ते विचारू नकोस. दार उघडल्यावर मी काय म्हणणार हे तुला आता माहीत आहे, तेव्हा उंबऱ्यापाशी उगीच उभा राहू नकोस. आणि येताना घड्याळ रोह्याला ठेवून ये.